तिरडीवरचे मालक

हिंगोलीच्या शाळेवर रुजू झाले त्या वर्षी खोलीसाठी मी सात घरांच्या पायऱ्या चढले आणि सातही उतरले. पहिला प्रश्न असायचा, ‘एकट्याच का?’ आणि दुसरा, ‘आडनाव काय म्हणालात?’ आम्ही बौद्ध. आडनाव सांगितलं की त्या खोलीला नेमका आदल्या दिवशीच कोणीतरी भाडेकरू मिळालेला असायचा. आठव्या घराच्या अंगणात एक गृहस्थ बनियन आणि पायजम्यावर येरझाऱ्या घालत होते. त्यांनी ना आडनाव विचारलं, ना लग्नाची चौकशी केली.

“बाई, तुमच्या घरी भांडण लागलं म्हंजे पयलं कोण बोलतं?” एवढंच त्यांनी विचारलं.

मी दिवसभराची वैतागलेली. म्हटलं, “आई बोलते. बाकीचे उन्हात जाऊन बसतात.”

त्यांनी एक बोट वर केलं. “हे ठेवलं,” म्हणाले आणि आत तोंड करून ओरडले, “ऐकलं का, किल्ली आणा. भाडेकरू भेटल्या.”

माझ्या आईला ‘ठेवून’ त्यांनी मला खोली दिली, असं मी पुढे कितीतरी वर्षं सगळ्यांना सांगत असे.

हे आमचे मालक. गावात त्यांना पिच्चरवाले म्हणत, पण आम्ही भाडेकरू मालकच म्हणायचो. तेव्हा हिंगोली परभणी जिल्ह्यातला एक तालुका होता. सिनेमा बघणारे तिथे पुष्कळ, पण सिनेमा लिहून, स्वतः उभा करून, वर पुन्हा हसतमुख राहिलेला माणूस हा एकटाच. हैदराबादेत उर्दूतून शिक्षण झालं, तिथून कोल्हापूरला एका स्टुडिओत संवाद लिहायच्या कामाला लागले. दहा-बारा चित्रपटांचे संवाद लिहिले. पडद्यावर नाव मात्र एकदाच आलं आणि तेही दाढीमिश्या पुरवणाऱ्याच्या खाली. तेव्हा त्यांनी निर्माता व्हायचं ठरवलं, कारण निर्मात्याचं नाव सगळ्यांत आधी येतं. दुसरं काही उदात्त कारण त्यांनी कधी सांगितलं नाही.

कोल्हापूर सोडून परत का आलात, असं कोणी विचारलं की म्हणायचे, “तिथं लोक बोलत न्हाईत हो, संवाद म्हणतात.”

त्यांची लिहायची पद्धत मात्र शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या सहनशक्तीची परीक्षा होती. बसून त्यांना एक ओळ सुचायची नाही. अंगणात प्रत्येक पात्राची जागा ठरलेली. नायक तुळशीजवळ, नायिका धुण्याच्या दगडावर, आई चुलीपाशी आणि खलनायक संडासाच्या दारात. मालक पळत पळत या जागेवरून त्या जागेवर जाऊन ज्याचं त्याचं बोलायचे आणि मी ओसरीवर बसून उतरवून घ्यायची. माझं अक्षर चांगलं म्हणून हे काम माझ्या गळ्यात पडलं होतं. शाळेच्या वह्या तपासण्यापेक्षा ते बरं होतं, हेही कबूल करते. खलनायकाची भाषणं लांबलचक असत. भांडी घासायला येणारी बाई बादली आणि खराटा घेऊन ताटकळायची आणि शेवटी मला विचारायची, “मास्तरीणबाई, आज ह्यो दुष्ट मानूस निघनार हाय का? मला संडास धुवायचाय.”

लिहिण्यापेक्षा ऐकण्याचा त्यांना जास्त नाद. रोज सकाळी इस्त्रीचा सदरा घालून ते एस.टी. स्टँडवर जायचे आणि कुठेही न जाता परत यायचे. “निरोप देताना माणूस खरं बोलतं,” हे त्यांचं म्हणणं. सासरी निघालेल्या पोरी, बदलीवर निघालेले कारकून, कोर्टाच्या तारखेला निघालेले चुलत भाऊ, या सगळ्यांच्या जवळ जाऊन ते उभे राहायचे. एकदा एका म्हातारीचं बोलणं अर्धवट राहिलं म्हणून ते तिच्या मागोमाग गाडीत चढले आणि कंडक्टरनं घंटी मारली. संध्याकाळी कळमनुरीहून परत आले ते दोन वाक्यं घेऊन. मालकीणबाई दारात उभ्या होत्या.

“भाजी आणायला गेले होते ना तुमी?”

“आणली की,” असं म्हणून मालकांनी ती दोन वाक्यं त्यांना ऐकवली. त्या रात्री आम्हाला पिठलं होतं.

कुठेही, कोणीही, काहीही झकास बोललं की मालकांचं बोट वर व्हायचं. हे ठेवलं. न्हावी, तहसीलदार, हळदीच्या मोंढ्यातले हमाल, मी, माझ्याकडे आलेली माझी आई, कोणीच सुटलं नाही. ज्याचं वाक्य घेतलं त्याला ते चहा पाजायचे. आम्हाला त्यात गंमत वाटायची. त्या ठेवण्यापायी एका माणसाचं काय झालं होतं, ते मला वर्षभरानं मालकीणबाईंकडून कळलं.

मालकांना एक थोरले भाऊ होते. सिद्धेश्वरच्या धरणाच्या पाण्याकडेला त्यांचं गाव, तिथे थोरले शेती करायचे. वडील लवकर गेले तेव्हा मालक सहा वर्षांचे होते. थोरल्यांनीच त्यांना वाढवलं आणि हैदराबादला शिकवलं. ते करताना थोरले चिक्कू झाले ते झालेच. त्यांची एक खोड पंचक्रोशीत माहीत होती. पाहुणा जेवायला आला की आधी दोन तांबे पाणी पुढे करायचे. “उन्हातून आलात, आधी पाणी प्या. पोटभर प्या.” पाणी पोटभर झाल्यावर पाहुणा भाकरी किती खाणार?

मालकांनी स्वतः काढलेल्या पहिल्या चित्रपटात एक कंजूष थोरला भाऊ होता. तो गावाला नडायचा, नायकाला छळायचा आणि पाहुण्याला जेवणाआधी दोन तांबे पाणी पाजायचा. वाक्यं तीच, तांबा धरायची तऱ्हा तीच, बोलता बोलता कानाची पाळी ओढायची सवयही तीच. जत्रेत तंबूमध्ये हा चित्रपट लागला तेव्हा थोरले बैलगाडीत बायकोपोरांना घालून, नवा पटका बांधून, धाकट्याचा पिच्चर बघायला आले आणि पहिल्या रांगेत बसले. पडद्यावर तांबा आला आणि सगळा तंबू मान वळवून त्यांच्याकडे बघायला लागला. थोरले शेवटपर्यंत बसले. मग गाडी जुंपून घरी गेले, ते पुन्हा धाकट्याशी बोलले नाहीत.

लोकांनी ते प्रकरण मिटू दिलं नाही. थोरल्यांच्या ओसरीवर येणारा प्रत्येक जण बसायच्या आधी म्हणायचा, “आमी पाणी पिऊनच आलोत.” पुढे पुढे थोरल्यांनी कोणाला पाणी विचारायचंच सोडून दिलं. मालक तीनदा गावी जाऊन आले. हे पुढच्या दारानं आत गेले की थोरले मागच्या दारानं शेतात निघून जायचे. पत्रं घातली, त्यांचंही उत्तर आलं नाही.

मी एकदा धीर करून विचारलं, “मालक, तुम्हाला लिहिताना एवढंही सुचलं नाही का, की त्यांना लागेल?”

ते तुळशीपाशी, म्हणजे नायकाच्या जागेवर उभे होते. तिथून बाजूला झाले आणि माझ्याजवळ ओसरीवर येऊन बसले. “मला वाटलं, त्याला आवडंल,” ते म्हणाले. “त्याच्याइतकं बारकाईनं मी जगात दुसऱ्या कोणाला बघितलंच न्हाई, बाई.”

मला त्यांचा राग आला होता, तो त्या वाक्यानं गेला. कीव मात्र फार आली.

मालकांचा दुसरा चित्रपट पडला हे तालुक्यात सगळ्यांना माहीत आहे. का पडला, तेही माहीत आहे. शेवटच्या प्रसंगात नायकाच्या बापाची अंत्ययात्रा निघते, थिएटरात बायका पदर डोळ्यांना लावतात आणि एवढ्यात तिरडीवरच्या मढ्याचा हात वर येऊन खांदेकऱ्याच्या गळ्यात पडतो. इथे निम्मे लोक हसायचे आणि निम्मे उठून जायचे. चार दिवसांत खेळ उतरला. तो हात कसा वर आला, हे मात्र त्या दिवशी गावात हजर असलेल्यांनाच माहीत आहे. मी हजर होते.

शूटिंग मालकांच्या गावीच ठरलं होतं. मालक सांगत फिरायचे, “लोकेशन झकास हाय.” मालकीणबाई म्हणाल्या, “लोकेशन कशाचं? दादाला बघायला चाललेत.” त्या स्वतः आल्या नाहीत. “ऐन वेळी नट पळाला की हेच तिरडीवर निजतील. मला कुंकू पुसायची तालीम नको,” असं म्हणून त्यांनी आम्हाला दशम्या बांधून दिल्या. कोल्हापूरहून दिग्दर्शक, कॅमेरामन आणि चार-पाच माणसं आली होती. कोणत्या सीनला कोणी काय घातलंय, काय धरलंय, हे टिपून ठेवायचं काम माझ्याकडे.

होळीच्या आधीचा रविवार होता. शेवटचा सीन राहिला होता आणि कच्च्या फिल्मचा शेवटचा डबा. तेव्हा फिल्म परमिटावर मिळायची, त्यामुळे एकदाच काय ते नीट व्हायला हवं होतं. गावात मयतीची बांधाबांध करणारे एक म्हातारे होते. त्यांना सगळे आबा म्हणत. आबांना खोटी तिरडी कशी बांधायची ते ठाऊक नव्हतं, म्हणून त्यांनी खरीच बांधली. हिरवे बांबू, कडबा, कोरं कापड, गुलाल, मडकं, सगळं. ते बघून बापाचं काम करणाऱ्या नटानं आपली आई जिवंत असल्याचं सांगितलं आणि सकाळच्या एस.टी.नं तो निघून गेला. शेवटी मालक म्हणाले, “मी निजतो.” त्यांना आंघोळ घातली, नाकात कापूस घातला, तिरडीवर बांधलं. दिग्दर्शक ‘उचला’ म्हणाला. कोणी उचललं नाही.

“रक्ताचा मानूस कुठं हाय?” आबांनी विचारलं.

“अहो आबा, हे नाटक आहे,” दिग्दर्शक म्हणाला. “कोणीही चार जण लागा.”

“नाटक हाय तर बांबू काहून खरे आणले? तिरडी ती तिरडीच. रक्ताचा खांदा लागल्याबिगर आमी उचलत न्हाई.”

गावात मालकांच्या रक्ताचं एकच घर होतं, थोरल्यांचं. मालक डोळे मिटूनच म्हणाले, “सोडा मला. तो येणार न्हाई. अकरा वर्षं झाली.”

“बांधलेलं सोडत न्हाईत,” आबा म्हणाले.

मालक उन्हात, नाकात कापूस, हातपाय सुतळीनं बांधलेले. दिग्दर्शक कपाळाला हात लावून बसला. गावातला कोणी थोरल्यांकडे जायला तयार होईना, कारण त्या पाण्यावरून प्रत्येकानं त्यांना कधी ना कधी टोमणा मारलेला होता. मग मीच गेले.

थोरले शेतात हळद शिजवत होते. भलीमोठी कढई, खाली जाळ, वर ओली पोती. साठीचा माणूस, कोपरापर्यंत हात पिवळे. मी कोण, कुठली ते सांगितलं.

“कोण गेलं?” त्यांनी विचारलं.

“कोणी नाही. शूटिंग आहे. तुमचे बंधू तिरडीवर निजलेत आणि आबा म्हणतात, रक्ताचा खांदा पाहिजे.”

“त्याला इचारा, माझं अजून काय दाखवायचं राहिलंय?” असं म्हणून ते पुन्हा जाळाकडे वळले. मी उभीच. मला काय बोलावं ते सुचेना, आणि मालकांच्या संगतीत दोन वर्षं काढून ऐन वेळी एक वाक्य सुचू नये याची लाज वाटली. काठीनं जाळ सारत ते माझ्याकडे न बघता म्हणाले, “उन्हात हाय का?”

“हो. तासभर झाला.”

“डोक्यावर काही हाय?”

“नाही.”

त्यांनी काठी टाकली, गड्याला “जाळ बघ रे” म्हणून सांगितलं आणि चालायला लागले. मला त्यांच्या मागे जवळजवळ पळावं लागलं.

गावात आल्यावर थोरले कॅमेरामनला एवढंच म्हणाले, “माझं तोंड घेऊ नका.” त्यानं मान हलवली. थोरल्यांनी उजव्या बाजूचा पुढचा बांबू धरला आणि तिरडी उठली. बायकांनी असा हंबरडा फोडला की दिग्दर्शकाचे डोळे चमकले. त्यांना कोणी शिकवलेलं नव्हतं. “आता आमच्या बोलण्याला कोण हसंल रे बाबा,” म्हणून एक जण रडत होती. मालकांच्या मिटल्या पापण्या थरथरताना मला दिसल्या आणि वाटलं, झालं, आता हे ‘ठेवलं’ म्हणतात. पण ते गप्प राहिले. बायका वेशीपाशी थांबल्या. माझ्या हातात वही असल्यामुळे मला सिनेमावाल्यांत धरलं गेलं आणि मी पुढे गेले.

त्या गावात अर्ध्या वाटेवर विसाव्याला तिरडी खाली ठेवतात. खांदे बदलायच्या आधी रक्ताच्या माणसानं मयताच्या कानाशी वाकून मनातलं जे असेल ते सांगून टाकायचं, म्हणजे ते पुढं जात नाही आणि मागंही राहत नाही. दिग्दर्शकाला हे ठाऊक नव्हतं, पण बघितल्याबरोबर त्यानं कॅमेरा चालूच ठेवायची खूण केली. आबांनी थोरल्यांकडे पाहिलं. थोरल्यांना अर्धवट काम जमत नसावं. ते गुडघ्यावर बसले आणि वाकले. मी दोन हातांच्या अंतरावर उभी होते. मला शब्द न् शब्द ऐकू आला.

“तू मला वाईट दाखीवलंस,” थोरले म्हणाले. “पण बराबर दाखीवलंस. आता जाय.”

मालकांच्या मिटल्या डोळ्यांतून पाणी कानांकडे ओघळलं. उन्हानं सुतळी सैल पडली होती. त्यांनी एक हात हिसका देऊन बाहेर काढला आणि थोरल्यांच्या गळ्यात टाकला. “मी न्हाई जात, दादा. मी न्हाई जात,” म्हणत नाकातल्या कापसासकट ते हमसून हमसून रडायला लागले. खांदेकऱ्यांतले दोघे पळाले. दिग्दर्शक ओरडला, “कट! कट! पुन्हा घ्यायचं! वीस-तीस फूट फिल्म उरलीय, सगळे वेशीपाशी चला!”

“तिरडी मागं येत न्हाई,” आबा म्हणाले.

“दादा, पुन्हा एकदा तेवढं वाकून...” दिग्दर्शक थोरल्यांची विनवणी करायला गेला.

“ते एकदाच असतं,” थोरले म्हणाले. त्यांनी स्वतःच सुतळ्या तोडायला सुरुवात केली. गळ्यातला हात त्यांनी काढला नाही, तसंच वाकून एका हातानं तोडत राहिले.

आता पेच आबांपुढे होता. तिरडीवरून उठलेला माणूस त्यांच्या हयातीत गावात झाला नव्हता. त्यांनी बसून चिलीम ओढली आणि निकाल दिला. तिरडी पुढं जाईल, रिकामीच जाईल आणि जळेल. मेलेला मेला. हा उठलेला आहे तो नवा जन्म. त्याला पाण्यात आंघोळ घाला आणि घरी न्या. मात्र चालत नेऊ नका, कारण जन्मलेलं लेकरू चालत घरी येत नाही.

मालकांना धरणाच्या पाण्यात बुचकळून काढलं. मग थोरले त्यांच्यापुढे पाठ करून बसले. मालक तेव्हा पन्नाशीला टेकलेले आणि अंगानं चांगले भरलेले. ते संकोचून म्हणाले, “दादा, तुमच्यानं व्हनार न्हाई.”

“बस,” थोरले म्हणाले.

सगळं गाव मागे, पुढे हे दोघं. थोरल्यांना धाप लागली. आबांच्या मुलानं पुढे होऊन विचारलं, “मी घेऊ का जरा?” थोरल्यांनी नुसती मान हलवली. एकदा बांधावर थांबले, दम खाल्ला आणि म्हणाले, “खाऊन खाऊन लई माजून राहिला तू.” पाठीवरून मालक म्हणाले, “व्हय, दादा.”

दारात थोरल्यांची बायको भाकरीचा तुकडा घेऊन उभी होती. तिनं तो दिरावरून ओवाळून टाकला आणि डोळे पुसत बाजूला झाली. थोरल्यांनी मालकांना ओसरीवर उतरवलं. आबा मागून आलेच होते.

“असं न्हाई भागत,” आबा म्हणाले. “नवं लेकरू हाय. नाव ठिवा.”

थोरले खांबाला टेकून धापा टाकत होते. अकरा वर्षं त्या घरात ते नाव कोणी उच्चारलं नव्हतं, हे थोरल्यांच्या बायकोनं मला नंतर सांगितलं. लेकरांनासुद्धा काकाचं नाव घ्यायची बंदी होती. थोरल्यांनी आपले पिवळे हात धोतराला पुसले. मग ताठ उभे राहिले आणि दूर शेतात असलेल्या माणसाला घालावी तशी, मालक दोन पावलांवर बसलेले असताना, सगळ्या आळीला ऐकू जाईल अशी त्यांच्या जुन्याच नावानं हाक घातली.

ओल्या धोतरात कुडकुडत बसलेल्या मालकांनी “ओ, दादा” म्हणून ओ दिली.